हात पसंत नाहीत

“हात खूप गोड आहेत हो काका तुमचे, पण चित्रकाराचे नाही वाटत,” असं मला त्या मुलीनं तोंडावर सांगितलं. माझ्या घरात, माझ्याच वेताच्या खुर्चीत बसून. सांगताना माझे दोन्ही हात तिनं स्वतःच्या हातांत घेतले होते आणि मंडईत वांगी निवडावीत तसे ती ते उलटेपालटे करून बघत होती. मी हसलो. अपमान झाला की मी आधी हसतो, राग मला मागाहून, बहुतेक वेळा जेवताना येतो. मुलीचं नाव आसावरी. सिनेमा करते. डोंगरातल्या गावात एकटी राहणारी म्हातारी चित्रकार, अशी तिची गोष्ट आहे, आणि त्या म्हातारीचा स्टुडिओ म्हणून तिनं माझा स्टुडिओ ठरवला होता. स्टुडिओ म्हणजे लोणावळ्यातल्या आमच्या तुंगार्लीच्या घरामागचं गॅरेज. गाडी कधी घेतलीच नाही, म्हणून स्टुडिओ. म्हातारीचं काम करणारी नटी मुंबईहून येणार होती. चेहरा सगळ्या महाराष्ट्राला माहीत, पण हातात ब्रश दिला की थर्मामीटर झटकावा तसा झटकते, असं आसावरीच म्हणाली. तेव्हा चित्र काढतानाचे जवळून दिसणारे हात दुसऱ्या कुणाचे तरी लागणार होते, आणि ते माझेच असणार हे मी गृहीत धरून बसलो होतो. म्हाताऱ्या हातांत कसलं आलंय बाई आणि पुरुष! शिवाय अख्ख्या लोणावळ्यात तैलरंगात काम करणारा दुसरा आहे कोण? बाकीचे चिक्की विकतात. गेले पंधरा-वीस दिवस मी मनातल्या मनात सिनेमाच्या शेवटी वर सरकत जाणारी पांढरी अक्षरं वाचत होतो: हात – गंगाधर. आडनावही घालावं की नुसतं नाव बरं दिसेल, एवढाच प्रश्न उरला होता. सांगायला लाज कसली, मला ते हवं होतं. माझी चित्रं आहेत कुठे? एक साखर कारखान्याच्या अध्यक्षांच्या खोलीत, एक कुठल्याशा कचेरीत कपाटाच्या मागे, बाकीची या गॅरेजात भिंतीला पाठ करून. आमचा यशोधन पुण्याहून आला की दारातूनच मोजतो आणि म्हणतो, बाबा, पुढे हे सगळं ठेवायचं कुठे? पुढे म्हणजे कधी ते तो बोलत नाही, मला कळतं. तर चित्रं गेली खड्ड्यात, निदान हात तरी राहील, हलता, काम करता, मी गेल्यावरही, असं मला वाटलं होतं. आणि ही पोरगी म्हणते गोड आहेत!

तेवढ्यात रजनी चहा घेऊन आली. माझी बायको. तिनं ट्रे टेबलावर ठेवला, कप आसावरीपुढे केला, आणि आसावरीनं कप न घेता तिचं मनगटच धरलं. चहा बशीत सांडला. “हे!” आसावरी ओरडली. “रुचिर, बघ, बघ हे! हेच!” रुचिर म्हणजे तिचा मदतनीस, गळ्यात दोन चार्जर अडकवलेला. तो धावत आला आणि दोघं मिळून रजनीच्या हातांवर ओणवे झाले. मग मीही बघितले. बघितले म्हणजे काय, रोजच दिसतात, पण बघितले. अंगठ्याच्या भेगेत पांढरा रंग कायमचा बसलेला. तळव्याच्या रेषांत निळं काहीतरी. बोटांची टोकं पॉलिश पेपरनं घासून घासून गुळगुळीत झालेली, एका नखाखाली तपकिरी रंगाची कड, मनगटाच्या आत सरसाच्या भांड्याचा जुना चटका. “काकू, तुम्ही पेंट करता?” आसावरीनं विचारलं. “छे गं बाई,” रजनी म्हणाली, “ते हे करतात. मी आपलं मागचं बघते.” आणि पदरानं हात झाकायला लागली. आसावरीनं पदर बाजूला केला. माझं कुणाला भानच नव्हतं. सांडलेला चहा मीच पुसला.

मागचं म्हणजे काय, हे लोणावळ्यात राहिल्याशिवाय कळायचं नाही. इथे धुकं खिडकीतून आत येऊन बसतं. बाजारातला तयार कॅनव्हास आणावा तर आठ दिवसांत सैल पडतो, पाठीमागून बुरशी धरतो. म्हणून इथे कापड आपणच चौकटीवर ताणायचं, पक्कडीनं खेचून खिळे मारायचे, सरस, म्हणजे कातड्याचा चिकट गोंद, शिजवून त्याचा हात द्यायचा, वाळलं की पॉलिश पेपरनं घासायचं, वर पांढऱ्याचा हात, पुन्हा घासायचं, पुन्हा पांढरा, आणि शेवटचा हात तळव्यानं जिरवायचा. लग्न झालं त्या वर्षी हे मीच करत होतो. एकदा माझ्याकडून सरस करपला. रजनीचे वडील तळेगावला पुस्तकं बांधायचे, ती खळीच्या वासात वाढलेली. ती आत आली, भांड्यात बघितलं आणि म्हणाली, “सरा बाजूला. तुम्हाला उकळीच कळत नाही.” मी सरलो तो सरलोच. मग ब्रश धुणंही तिच्याकडे गेलं, कारण मी मुळाशी रंग ठेवतो आणि ब्रशचे केस ताठरतात, असं तिचं म्हणणं. साबणाची वडी घेऊन ती तळव्यावर ब्रश गोल गोल फिरवत बसते आणि फेस पांढरा येईपर्यंत उठत नाही. मला काय, बरंच होतं. मुंबईला आर्ट स्कूलमध्ये आमचे सर पट्टीनं मनगटावर मारायचे आणि म्हणायचे, मनगट नोकर आहे, खांदा मालक! तेव्हापासून मी खांद्यातून काम करतो, उभा राहून, हात लांब. कॅनव्हासला लागतो तो ब्रश, मी नाही. पांढरा झब्बा घालून पोर्ट्रेट करतो आणि झब्ब्यावर ठिपका पडत नाही. लोकांना याचंच कौतुक वाटायचं. आणि हातांबद्दल तर माझी ख्याती होती. चेहरा कुणीही काढतो, गंगाधररावांनी काढलेले हात बघा, म्हणायचे लोक. जजसाहेबांचे हात, डॉक्टरांच्या आईचे जपमाळ धरलेले हात. मुलगी बघायला तळेगावला गेलो तेव्हा आईनं नाक बघितलं, मामांनी चालून दाखव म्हटलं, आणि मी पोह्यांची बशी पुढे करणारे हात बघून पसंत म्हणालो. लांब बोटं, मधलं पेर किंचित वाकलेलं. लग्नानंतर रजनीला हे सांगितलं तर ती म्हणाली, “बरं झालं मी तुमचे नाही बघितले.” तेव्हा मला तो विनोद वाटला होता.

आसावरीची मंडळी गेल्यावर मी मागच्या ओट्यावर बसलो आणि माझे हात उन्हात धरले. गोरे, भरलेले, आखूड बोटं, नखं स्वच्छ. हे माझ्या वडिलांचे हात होते. ते रेल्वेत बुकिंगला होते, खिडकीच्या अर्धगोलातून लोकांना त्यांचे फक्त हातच दिसायचे. आयुष्यभर त्या माणसापासून वेगळं व्हायचं म्हणून मी धडपडलो आणि हात मात्र त्यांचेच घेऊन फिरलो. शेजारच्या बंगल्याचा राखणदार धोंडिबा कुंपणापाशी पाइप घेऊन उभा होता. मूळचा लोहगडवाडीचा. शनिवार-रविवार त्या बंगल्यात पुण्या-मुंबईची पोरं येऊन पोहण्याच्या हौदात किंचाळतात आणि सोमवारी धोंडिबा हौदातून चमचे काढतो. मी कुंपणावरून हात पुढे केले. “धोंडिबा, हे हात बघून काय वाटतं? खरं सांग.” त्यानं पाइप खाली ठेवला, मन लावून बघितलं. “आबा, खरं बोलू का? तलाठ्याचं वाटत्यात. वडगावला सात-बारा काढाया गेलतो, तितं त्येचं असंच व्हतं. लय मऊ.” मी आत आलो. राग आला तो जेवताना. “भाजीत मीठ नाही,” मी म्हणालो. “आहे,” रजनी म्हणाली. होतं.

तर ठरलं असं की रजनीचे हात पडद्यावर येणार, आणि त्यांना ब्रश धरायला मी शिकवायचं. आणि ह्याच दिवसांत शूटिंगसाठी लागणारे कोरे कॅनव्हास तयार करून ठेवायचे, तेही आमच्याकडेच. आसावरी जाताना दारात म्हणाली होती, “काकू, हात जपा हं.” रजनीनं ते फारच मनावर घेतलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ती रबरी हातमोजे घालून भांडी घासत होती. सरसाला हात लावणार नाही म्हणाली, खिळा लागला तर? टर्पेंटाइन तर नावच नको. “मग कॅनव्हास कोण करणार?” मी विचारलं. “चित्रकार कोण आहे घरात?” तिनं विचारलं. गॅरेजात गेलो. पक्कड कुठे असते हे मला माहीत नव्हतं. कापड एका बाजूनं ताणलं की दुसऱ्या बाजूनं फुगायचं. हातोडी डाव्या अंगठ्यावर बसली आणि मी वडिलांपासून आर्ट स्कूलपर्यंत सगळ्यांची आठवण काढली. सरस करपला. पुन्हा ठेवला, पुन्हा करपला. कुंपणापलीकडून धोंडिबा ओरडला, “आबा, हितं काय मेलंय का? लय वास सुटलाय!” रजनी स्वयंपाकघराच्या खिडकीत उभी राहून बघत होती. तिच्या हातांना चैन पडत नसावी, गजांवरून बोटं सारखी फिरत होती, पण आली नाही. “धूर दिसायच्या आधी उतरवायचं,” एवढंच म्हणाली. तिसऱ्यांदा जमला. घासताना पॉलिश पेपरनं पेरांची सालं निघाली. पांढरा देताना तो कोपरापर्यंत ओघळला, झब्बा गेला. शेवटचा हात तळव्यानं जिरवायचा तो मी जिरवत बसलो, आणि त्या ओल्या थंड पांढऱ्यावरून तळवा फिरवताना एक चमत्कारिक गोष्ट झाली, मला वडगावचा तलाठी, यशोधन, सिनेमा, काहीच आठवेना. कापडाचा पोत हाताखाली हळूहळू मिटत होता. इतकी वर्षं मी ब्रशच्या टोकानं या जागेला शिवत आलो होतो. रजनी इथे राहत होती.

संध्याकाळी शिकवणी. “तू उलथनं धरलंयस,” मी म्हणायचो. “उलथन्यानंच तुमचं पोट भरलंय.” “मागे धर. अजून मागे. खांद्यातून हलव. मनगट नोकर आहे, खांदा मालक.” “माझा खांदा कधीच मालक झालाय,” रजनी म्हणायची, “वर जा म्हटलं तर जात नाही.” आसावरीला हवा होता एकच फटकारा, आकाशाचा, डावीकडून उजवीकडे, मध्येच सुटणारा. रजनीला मध्ये सोडणं जमेना. ती फटकारा कडेपर्यंत नेई, मग दुसरा त्याला चिकटून, मग खालचा, आणि मी नको नको म्हणेपर्यंत अख्खा कॅनव्हास एकसारखा निळा करून ठेवी. “अगं, आकाश आहे ते, भिंत नाही!” “मग कोपरे कोण भरणार? तुम्ही? तुम्ही कधी कोपरे भरलेत?” मी तिचं मनगट धरून फटकारा मारून दाखवायचो आणि तिच्या हाताला लागून माझे हात आता खसखसायचे. तिनं एकदा माझा तळवा उघडून बघितला. “अगंबाई, काय करून घेतलंत! कोकम तेल लावा.” आवाजात काळजी होती आणि थोडा जळफळाटही. तिची भेग माझ्या अंगठ्यावर उमटली होती. मी तेल लावलं नाही. का लावलं नाही ते मला सांगता यायचं नाही, पण रात्री उशीवर हात ठेवून मी ती भेग चाचपत होतो, नवा दात चाचपावा तशी.

शूटिंगच्या दिवशी गॅरेजात वायरींचं जाळं झालं. नटी आली, तोंडभर हसली, लांबून चित्र काढल्यासारखं करून मोकळी झाली. आता हात. रजनीचा पत्ता नाही. सकाळीच “आलेच” म्हणून रिक्षानं बाजारात गेली होती. शेवटी आली ती तरंगत. अबोली साडी, अंबाडा, आणि दोन्ही हात पुढे धरलेले, ओले असल्यासारखे. “सारिकाच्या पार्लरला गेले होते,” म्हणाली. “पोरीनं दोन तास घेतले बाई. मीठ लावलं, मेण लावलं, काय काय लावलं. म्हटलं सिनेमात जायचंय, जरा मन लावून कर.” हात गुलाबी झाले होते. भेगा नाहीत, निळं नाही, पांढरं नाही. नखांना गोल आकार आणि त्यावर गुलाबी चकाकी. आसावरी बघत राहिली, आणि मग अगदी बारीक आवाजात म्हणाली, “काकू, हात कुठे गेले?” रजनी गोंधळली. “हे काय, इथेच आहेत. तूच म्हणालीस ना जपा म्हणून? तसले रंगाळलेले हात घेऊन सगळ्या महाराष्ट्रापुढे जाऊ होय? लोक म्हणतील, गंगाधररावांच्या बायकोला साबण मिळत नाही!” रुचिर खाली एका पेटीवर बसला आणि त्यानं डोकं धरलं. शूटिंगला हा एकच दिवस होता. रजनीचा चेहरा असा उतरला की मला बघवेना. इतका वेळ खर्चून, आयुष्यात पहिल्यांदा हातांसाठी काहीतरी करून आली होती बिचारी. मी तिला काहीतरी चांगलं बोलावं म्हणून पुढे झालो. पण माझ्या काखेत एक कोरा कॅनव्हास होता, तो ठेवायला मी हात वर केला, आणि आसावरी झडप घालून माझ्या हातांवर आली.

“हे कधी झालं?” ती म्हणाली. मी म्हणालो, होतं तसं. मघाचा चेहरा टाकून रजनी एकदम कामाला लागली. रुचिरनं माझ्या हातावरचे केस काढले, म्हातारीच्या चोळीची बाही माझ्या दंडावर चढवली. मग बांगड्या हव्यात म्हणाले. रजनीनं स्वतःच्या हिरव्या बांगड्या साबण लावून उतरवल्या आणि माझा हात मांडीवर घेतला. “हात सैल सोडा. अंगठा आत घ्या. अहो, बाळंतिणीसारखं ओरडू नका.” लहानपणी तळेगावला कासार हात कसा मळायचा ते तिला पाठ होतं. ती माझी हाडं एकेक करून दाबत होती, पेरं आत सरकवत होती, फुंकर घालत होती. माझा हात इतका वेळ कुणी धरला नव्हता. गुलाबी नखांच्या तिच्या हातांत माझा खरबरीत हात बघून मला मुलगी बघायला गेल्यासारखं वाटलं, फक्त या वेळी पसंत करणारी ती होती. चौथी बांगडी सांध्यावरून गेली तेव्हा डोळ्यांत पाणी आलं, आणि दारात उभा असलेला धोंडिबा म्हणाला, “आता कसं! आता मान्साचं हात वाटत्यात.”

पहिले फटकारे वाया गेले. “काका, हाताची ॲक्टिंग नको,” आसावरी म्हणायची. हात चित्रकार दिसायला बघत होता, इतक्या वर्षांत त्यानं दुसरं केलंच काय होतं? खांदा मालकी गाजवत होता. बांगड्या किणकिणत होत्या. मग रजनी माझ्या मागे येऊन हळूच म्हणाली, “तुम्ही स्वतः केलेलं कापड आहे ते, जरा टेका की त्याला.” मी करंगळी कापडाला टेकवली. ते कापड मला ओळखत होतं, डावीकडे एक गाठ राहिली होती, तीही मला पाठ होती. खांदा खाली आला. मी निळा घेतला, फटकारा मारला, मध्येच सोडला, कड तळव्यानं पुसली, आणि कोपऱ्याशी जरा जिरवला. आसावरीनं कट म्हटलं तेही बराच वेळ मला ऐकू आलं नाही. मग तिनं मॉनिटरपाशी बोलावलं. छोट्याशा पडद्यावर एक हात होता. भेगेत पांढरं, नखाखाली निळं, हिरव्या बांगड्या, तळवा कापडावर फिरवणारा. मी चष्मा पुसला आणि म्हणालो, “अरे वा, शेवटी रजनीचाच घेतलात की!” रुचिर म्हणाला, “सर, हा तुमचा आहे.” मी पुन्हा बघितलं. मग रजनीकडे बघितलं. ती हात मागे लपवून उभी होती, पार्लरमध्ये आपण काय सांडून आलो याचा अंदाज येऊन जरा रडवेली. मी आयुष्यभर लोकांचे हात काढले आणि पैसे घेतले, आणि हा एक हात मला पडद्यावर दिसेपर्यंत कळला नाही. त्या क्षणी मला रजनी फार आवडली. तळेगावला पोह्यांच्या बशीमागे आवडली होती, अगदी तितकी. पण इतक्या लोकांत बोलणार काय, मी नाक शिंकरलं.

मंडळी आवरून जायला निघाली तेव्हा दिवे लागत होते. मी मागच्या ओट्यावर बसून साबणाच्या वडीवर ब्रश घासत होतो, कारण रजनीनं सवयीनं डबा उचलला होता आणि मी तो काढून घेतला होता. बांगड्या निघाल्या नव्हत्या. साबण झाला, तेल झालं. वाढवूया म्हटलं तर रजनी अंगावर आली, “मी जिवंत, तुम्ही जिवंत, आणि बांगडी वाढवायची? कुणाच्या नावानं?” तेव्हा त्या राहिल्या. आसावरी निरोप घ्यायला आली. म्हणाली, “काका, एक राहिलं. करार काकूंच्या नावानं झालाय. शेवटी नावं येतात त्यातही ‘हात’ म्हणून त्यांचंच नाव दिलंय. पण हात तर तुमचे आहेत. आत्ताच सांगा, बदलून घेते.” हात – गंगाधर. पांढरी अक्षरं वर सरकायला लागली. आडनावासकट. मला ते हवं होतं, अजूनही हवं होतं, खोटं कशाला बोलू. तळव्यावर ब्रश गोल गोल फिरत होता, फेस अजून निळा येत होता, भेगेत साबण झोंबत होता. “नाव आहे ते बरोबर आहे,” मी म्हणालो. “बदलू नकोस.” रजनी पायरीवर बसली होती, गुलाबी नखं मांडीवर पसरून. तिनं माझ्याकडे बघितलं. मग पुढे वाकून माझ्या हातातला ब्रश उलटा केला, केस फाकवले आणि म्हणाली, “मुळाशी रंग राहिलाय. पुन्हा धुवा.”